राक्षसाची बोली

आरमोरीच्या एका कॉलेजात मी भयकथा शिकवते. ज्यांना समाज आपलं मानत नाही, त्यांचंच रंगरूप तो राक्षसाला देतो, हे दर वर्षी वर्गात घसा कोरडा करून सांगते. आणि दर वर्षी आमच्याच स्नेहसंमेलनाच्या नाटकात राक्षस येतो तो अंगाला काजळी फासून, कमरेला पळसाची पानं बांधून, इथलीच झाडीबोली बोलत. नायक मात्र बातम्या वाचल्यासारखा शुद्ध.

त्या वर्षी राक्षस झालेला विद्यार्थी धानोऱ्याकडचा, गोंड घरातला. तालमीत तो "मले भूक लागली, तुमाले खातो" म्हणाला आणि सगळे खो खो हसले. नाटक बसवणाऱ्या सरांना मी विचारलं, राक्षस झाडीबोलीच का बोलतो? ते म्हणाले, राक्षस आहे हे लोकांना लगेच कळायला पाहिजे. लोकही असंच बोलतात, मी म्हटलं. त्यावर त्यांनी माझ्यासाठी चहा मागवला.

सर तर सर, तो विद्यार्थीही माझ्यावरच वैतागला. "मॅडम, तुमी काऊन भांडून राह्यल्या? नाटकात हाच एक रोल तं मजेचा हाये."

तरी मी पिच्छा सोडला नाही. शेवटी सरांनी हात टेकले आणि राक्षसाचे संवाद मला लिहू दिले. मी काजळी पुसायला लावली. इस्त्रीचा पांढरा शर्ट, पायात बूट, आणि भाषा एकदम स्वच्छ.

नाटक दुपारी झालं. मुलांचे आईवडील गावोगावहून आले होते. राक्षस मंचावर आला आणि शांतपणे म्हणाला, "कृपया सर्वांनी रांगेत उभे राहावे. हे गाव आता आमच्या हद्दीत आले आहे."

कोणी हसलं नाही. माझ्या मागे एका माणसानं शेजाऱ्याला हळूच विचारलं, हा कोणत्या खात्याचा सायब होय? शेजारी पाय जवळ घेऊन ताठ बसला. नायकानं राक्षसाला मारलं तेव्हाही टाळ्या तुरळकच पडल्या.

नाटक संपल्यावर सर तावातावानं माझ्याकडे आले. तुमच्या राक्षसाला कोणी घाबरलंच नाही, म्हणाले, एकही किंकाळी नाही. लोक किती घाबरले होते ते मी सांगू लागले, पण ते तोवर मंडपवाल्याकडे वळले होते.

तेवढ्यात त्या विद्यार्थ्याची आई माझ्यापाशी आली. तिला बरं वाटलं असेल, अशी माझी समजूत.

"बाई, त्याले असं बोलाले नोका शिकवू," ती म्हणाली. "तो वर उभा होता तं मले वाटे, आता हा मले ओळखत नाई."

हे नाटक आहे, मी म्हटलं. ती म्हणाली, ते मले समजते. मग मुलाला बोलावून बसस्टँडकडे निघून गेली.

पुढच्या वर्षी सरांनी काजळी परत आणली. मला रांगोळी स्पर्धेचं काम दिलं.