लांब बाह्यांचा झगा

सिंगापूरला लेकीकडे गेले होते. एका सकाळी शेजारच्या लिमबाई व्हरांड्यातल्या बांबूवर एक लाल रेशमी झगा वाऱ्याला टाकताना दिसल्या. त्यावर जरीचे पक्षी होते आणि पांढऱ्या बाह्या इतक्या लांब की जमिनीला टेकत होत्या. तरुणपणी त्या चिनी संगीत नाटकांत राणीची कामं करत, अशा लांब बाह्या हवेत उडवत अभिनय करत. हा तेव्हाचा झगा.

"खांद्यावर रेशीम विरलंय," त्यांची सून मेई मला म्हणाली. "उद्या संग्रहालयाची माणसं न्यायला येतील. तिथे तो नीट जपला जाईल."

लिमबाई नुसत्या झग्यावरून हात फिरवत राहिल्या. कापड काचेच्या कपाटात जपता येईल. पण त्या बाह्यांचं उडणं कुठे ठेवणार, असं माझ्या मनात आलं.

थोड्या वेळाने त्यांनी आतून सरावाच्या साध्या, लांब बाह्या आणल्या आणि मेईच्या हातांत चढवल्या.

मेई संकोचली. "आई, मी बँकेत काम करते. मला हे कुठलं येतंय?"

"मलाही येत नव्हतं."

मेईने हात झटकला. बाही तिच्याच पायात अडकली. दोघी हसल्या.

"मनगटातून नको, खांद्यातून," म्हणत लिमबाईंनी तिचा खांदा धरून हलवला. बराच वेळ जमेना. मग एकदा ती बाही सरळ वर गेली, हवेत क्षणभर थांबली आणि घड्या पडत अलगद मेईच्या मनगटावर उतरली.

लिमबाई म्हणाल्या, "आता दुसरा हात."