मुद्देमालातल्या भाकरी

कडक भाकरी मोडल्याचा आवाज आला की आजही माझा घास हातात थांबतो. घरच्यांना याची सवय झाली आहे. सून माझ्या ताटात भाकरी आधीच मोडून वाढते आणि काही विचारत नाही. पोलीस खात्यात माझी उभी हयात गेली. खून पाहिले, दरोडे पाहिले, आणि त्यांतले बरेचसे विसरलोही. विसरता आले नाही ते फसवणुकीचे एक किरकोळ प्रकरण. त्यातला जप्त मुद्देमाल म्हणजे कडक भाकरी आणि शेंगाची चटणी.

कारगिलच्या युद्धाचा तो उन्हाळा. मी सोलापूर जिल्ह्यात महामार्गालगतच्या एका ठाण्याचा प्रभारी होतो. लढाई देशाच्या पार दुसऱ्या टोकाला चालली होती, पण तिची झळ आमच्या ज्वारीच्या गावांपर्यंत पोचली होती. त्या दिवसांत साऱ्या महाराष्ट्राचे तेच झाले होते. लग्नाच्या वरातीत बँडवाले देशभक्तीची गाणी वाजवत. चौकाचौकांत जवानांसाठी मदतीचे डबे ठेवलेले. ज्याचा मुलगा सैन्यात आहे अशा बापाला एसटीत लोक उठून जागा देत, आणि तो बाप त्या जागेवर अवघडून बसे. संध्याकाळच्या बातम्यांच्या वेळी रस्ते ओस पडत. दूरदर्शनवर बर्फाचे डोंगर दिसू लागले की बायका पडद्याजवळ जाऊन एकेक चेहरा न्याहाळत.

खरी गर्दी असे ती एसटीडी बूथवर. सीमेवरून कधी कोणाचा फोन येईल याचा नेम नव्हता, म्हणून जवानांच्या घरची माणसे दिवस दिवस बूथच्या बाकड्यावर बसून राहत. फोन आलाच तर लाइन खरखरायची. मग बाई जिवाच्या आकांताने ओरडून बोलायची. बहिणीला स्थळ आले, म्हैस व्याली, तुझी गादी उंदरांनी कुरतडली. अख्खा बाजार ते ऐके. ऐकणाऱ्यांचे डोळे भरून येत. त्यांच्यात एक माणूस असाही होता, जो ते सगळे ध्यानात ठेवत होता. हे आम्हाला पुढे कळले.

आमच्या भागातला जवान रजा संपवून निघाला की त्याच्या काळ्या ट्रंकेत कडक भाकरीची चवड जाते. पातळ थापलेली, मंद आचेवर कुरकुरीत वाळवलेली ही भाकरी महिनोन्महिने टिकते. युद्ध सुरू झाले आणि रजा रद्द झाल्या. पोरे घरी येईनात, भाकरी जाईना. आयांचे हात रिकामे झाले. त्या माणसाने नेमकी ही फट हेरली.

खबर दिली ती मोडनिंबजवळ धाबा चालवणाऱ्या एका गृहस्थाने. कपाळावर विभूतीचे पट्टे, स्वभाव भिडस्त.  ठाण्यात आला तो मी चहा मागवल्यावरच बोलता झाला.

“साहेब, तक्रार न्हाय माझी. पण मन खातंय.”

“काय झालं ते सांगा.”

“एक माणूस कडक भाकरी इकायला आणतो. लई स्वस्तात देतो की. मला वाटलं, कुठल्या तरी महिला मंडळाचा माल आसंल. पण साहेब, त्या एका हातच्या न्हाईत. एका गाठोड्यात तीळ लावलेल्या, दुसऱ्यात बाजरीच्या, कुटं जाड, कुटं कागदावानी पातळ. आन् काल एक गाठोडं सोडलं तर फडक्याच्या कोपऱ्यात हे बांधलेलं.”

त्याने खिशातून कागदाची पुडी काढली. आत विभूतीचा खडा होता.

“इकायच्या मालाला विभूती कोन बांधतंय? ही कुणीतरी लेकराला दिलेली शिदोरी हाय. मी ती गिऱ्हाइकाला वाढत होतो, साहेब.” असे म्हणून त्या गृहस्थाने खांद्यावरच्या पंच्याने डोळे पुसले.

ठाणे अंमलदाराने डायरीला नोंद घेतली आणि आम्ही धाब्यावर साध्या कपड्यांत माणसे बसवली. तो भाकरीवाला पुढच्या खेपेस आला आणि अलगद हाती लागला. बारीक कापलेले केस, हिरवट पँट, पायात जुने बूट, खांद्याला कॅनव्हासची पिशवी. लांबून कोणीही त्याला फौजीच म्हटले असते. चौकशीत त्याचे एकच पालुपद होते. सैन्याला माल पोचवणाऱ्या ट्रकवर मी क्लीनर आहे, लोकांचे सामान धर्मादाय नेतो, जास्तीचे तेवढे विकतो. ट्रकचा नंबर विचारला तर मालक बदलला म्हणे. मी वायरलेसवरून चौकशी केली. असा कोणी क्लीनर कोणालाच ठाऊक नव्हता. तरी गडी हटेना. सराईत गुन्हेगार खोटे बोलताना समोरच्याच्या डोळ्यांकडे पाहतो, आपले खोटे पटते आहे का ते जोखतो. हा मात्र सतत माझ्या टेबलावरच्या गाठोड्यांकडे पाहत होता. मला ते खटकले.

सोलापुरात शुक्रवार पेठेत त्याची भाड्याची खोली होती. पंचांसमक्ष झडती घेतली. खोलीत एक वळकटी, एक स्टोव्ह, आणि खुंटीला टांगलेले एक गाठोडे. त्याची गाठ कोणी सोडलेलीच नव्हती. सोडून पाहिले. तीळ लावलेल्या सुरेख पातळ भाकरी, डबीत चटणी, कोपऱ्यात विभूती. भाकरी मी उजेडाला धरून पाहिली. थापणाऱ्या बोटांचे ठसे तिच्यात वाळून पक्के झालेले असतात. या भाकरीवर चार बोटांच्या जागी तीनच बोटे उमटत होती, आणि अंगठ्यालगतच्या बोटाची जागा कोरी होती. सगळ्याच भाकरींवर तसे.

ते गाठोडे त्याच्यासमोर ठेवले आणि विचारले, “बाकी सगळं विकलंस. हे का नाही विकलंस?”

 त्याचे खांदे पडले. अंगाला हात न लावता माणूस कोसळताना मी पुष्कळ वेळा पाहिला आहे, पण हा वेगळा होता. त्याला जणू कोणाला तरी सांगायचेच होते.

“ते इकवंना, साहेब.”

मग त्याने सगळे सांगितले. बूथवर बसून तो जवानांची नावे आणि घरच्या गोष्टी ऐकायचा. महिनाभराने त्या गावी जाऊन म्हणायचा, तुमचा मुलगा मला भेटला, ठणठणीत आहे, गादी उंदरांनी कुरतडली म्हणून हसत होता. असल्या खुणेवर कोण विश्वास ठेवणार नाही? बायका त्याला जेवू घालत आणि गाठोडे बांधून देत.

“ह्या गाठोड्याच्या घरी गेलो तवा अंगणात मानसं बसली हुती. मला वाटलं, काय तरी कार्य आसंल. मी आपलं नेहमीसारखं उंबऱ्यातनंच बोललो, तुमच्या पोराचा निरोप घिऊन आलोय, त्यो खुशाल हाय. तर समदे माझ्याकडंच बघाय लागले. आदल्या दिवशी सरकारी माणूस सांगून गेल्ता की गस्तीवरची तुकडी परत आली न्हाय, पोरगा गेला असंच समजा. मला काय ठावं, साहेब?”

“मग तिथंच खरं का नाही सांगितलंस?”

“सांगणार हुतो. पण ती बाई उठली. तिनं तोंड पुसलं. मला इचारलं, पाय शाबूत हायत का त्याचे? बर्फात पाय जात्यात म्हनं. मी म्हनलो, हायत. तर ती आत गेली आन् चूल पेटवून पीठ मळाय बसली. रडणाऱ्या बायकांना म्हनली, उठा, माझ्या घरात रडायचं न्हाय.” तो तोंड झाकून म्हणाला, “मला माघारी फिरताच आलं न्हाय.”

मला त्याची कीव आली नाही. आजही येत नाही. पण तो त्या क्षणी खोटे बोलत नव्हता, एवढे मी सांगू शकतो.

बाकी तपास सरळ होता. गावोगावी शिपाई पाठवून आयांना बोलावून घेतले. पंचांसमोर टेबलावर गाठोडी मांडली. प्रत्येकीने आपले फडके ओळखले, आपली चटणी ओळखली. फिर्याद झाली, जबाब झाले. एकीने मला विचारले, “मंग माझ्या पोराला कोनीच भेटलं न्हाय?” मी नाही म्हटले. ती फडक्याची घडी घालत बसली. गुन्हा उघडकीस आला की फिर्यादीच्या चेहऱ्यावर थोडा तरी सुटल्याचा भाव दिसतो, हा माझा अनुभव. त्या दिवशी एकाही चेहऱ्यावर तो दिसला नाही. आम्ही त्यांना चोर पकडून दिला आणि बदल्यात त्यांची झोप काढून घेतली.

खुंटीवरच्या गाठोड्याची ती बाई सगळ्यांत शेवटी आली, नवऱ्याबरोबर. नवऱ्याचे गावात किराणा दुकान होते. तिचे माहेर अक्कलकोटकडचे, बोलण्यात मधूनच कानडी हेल. नवरा खचलेला दिसत होता. ती मात्र ताठ होती. कपाळावर विभूती, अंगावर धुतलेले लुगडे. शिपायाने पाणी दिले. तिने पेला उजव्या हाताने घेतला आणि मला दिसले, अंगठ्यालगतचे बोट अर्ध्यावरच संपलेले. कडबा कापण्याच्या यंत्रात कधीकाळी गेले असावे.

मी म्हणालो, “मावशी, हे गाठोडं बघा. तुमचं आहे का?”

तिने भाकरीकडे पाहिले. फार वेळ नाही, एखादी बाई आपल्या हातची भाकरी ओळखायला जेवढा वेळ घेईल तेवढाच. मग तिने पेला खाली ठेवला आणि उजवा हात पदराखाली घेतला.

“न्हाईत माझ्या.”

नवरा कळवळून म्हणाला, “अगं, फडकं आपल्याच दुकानातलं हाय. असं काय करतीस?”

“अवं, फडकी काय एकाच दुकानात मिळत्यात व्हय?” तिचा आवाज चढला नाही. “माझ्या भाकरी पोचल्या. पोरानं खाल्ल्या बी असतील. हितं कशा येतील त्या?”

मी म्हणालो, “मावशी, नीट बघून सांगा. त्या माणसानं कबूल केलंय.”

तेव्हा तिने पहिल्यांदाच माझ्या डोळ्यांत पाहिले. “साहेब, तुमी त्याला मारलं आसंल. मार खाल्ला की मानूस काय बी कबूल करतो.”

 हवालदार पेन हातात धरून माझ्या तोंडाकडे बघत होता. कायद्याने मी तिला हात दाखवायला सांगू शकत होतो. त्या भाकरीवर तिचा हात ठेवला असता तर ठसा जुळला असता, पंचांनी सह्या केल्या असत्या आणि आमच्या कागदोपत्री तिचा मुलगा मेला असता. मी जबाबात लिहायला सांगितले, ओळख पटली नाही. नवऱ्याने भिंतीकडे तोंड फिरवले. तो माणूस त्या खोलीत एकटाच रडत होता, आणि बायकोपुढे त्याला मोठ्याने रडताही येत नव्हते.

आठवडी बाजाराच्या दिवशी ती पुन्हा आली, या वेळी एकटीच. आरोपी तेव्हा आमच्याच कोठडीत होता. टेबलावर तिने नवे गाठोडे ठेवले. ताज्या भाकरीचा खरपूस वास सगळ्या ठाण्यात पसरला.

“ह्या त्याला द्या.”

“कोणाला, मावशी?”

“तुमी धरून ठेवलंय त्याला. माझ्या पोराला बघितलेला त्यो एकच मानूस हाय. त्याला सोडा, साहेब. त्यो गेला न्हाय तर माझ्या पोराचा निरोप कोन आणणार?”

 आरोपीला बाहेरचे अन्न देता येत नाही, असा नियम मी तिला सांगितला. मला दुसरे काही सुचलेच नाही. तिने मान हलवली. सरकारी माणसाला नियम असतात हे तिला पटले. गाठोडे मात्र तिने परत नेले नाही. माझ्याकडे सरकवून म्हणाली, “मंग तुमी ठिवा. त्यो सुटला की द्या. लई दिस टिकत्यात.”

इतर बायकांच्या जबाबांवर त्याला शिक्षा झाली. माझी बदली झाली. तिचा मुलगा परत आला नाही, त्याचे शवही आले नाही. सरकारने त्याला शहीद म्हणून घोषित केले तेव्हा गावाने कमान उभारली आणि ती कमानीखाली आली नाही, असे कानावर आले.

परवा पुन्हा सीमेवर तणाव झाला. माझा नातू मोबाइलवर बातम्या पाहत होता आणि खोलीतली सगळी माणसे टाळ्या वाजवत होती. मी उठून गच्चीवर गेलो. लोक विचारतात, इतक्या वर्षांच्या नोकरीने काय शिकवले. पोलिसाला सत्य शोधायला शिकवतात. ते सापडल्यावर कोणाच्या ओंजळीत टाकायचे, हे कोणी शिकवत नाही, आणि मलाही ते आले नाही. युद्धात माणसे तिकडे मरतात हे सगळ्यांना माहीत असते. इकडे घराघरांत काय मरते त्याचा पंचनामा कोणी करत नाही. ही निराशा आहे असे कोणी म्हणेल, तर हो, आहे. ती झाकून मला लिहिता येत नाही.

ते दुसरे गाठोडे मुद्देमालात जमा होणे शक्य नव्हते, कारण त्याचा गुन्ह्याशी काही संबंध नव्हता. ते माझ्या कपाटात राहिले आणि बदलीच्या वेळी सामानाबरोबर घरी आले. बायकोने उघडून पाहिले तेव्हा भाकरी तशाच होत्या, कुरकुरीत, तिळाच्या, तीन बोटांच्या ठशांच्या. कोणासाठी आहेत, असे तिने विचारले. मी सांगितले, एका मुलासाठी, पोचवायच्या राहिल्या.