कानाच्या पाळीला हात

आमचे मामंजी, म्हणजे माझे सासरे, मला हाक मारताना कानाच्या पाळीला हात लावीत. पुण्यात कांदा विकायला गेले असता एका बैठकीत त्यांनी गवयाला गुरूचं नाव घेताना तसं करताना पाहिलं होतं. सुनेसाठी कान धरणारा सासरा मात्र आमच्या भोसरी गावानं कधी पाहिला नव्हता. "आप्पा, सकाळी सकाळी काय चुकलं म्हणायचं?" लोक विचारीत.

"गुरू हाय माजी," मामंजी सांगत.

गुरूची कथा अशी की, लग्न जमवताना माझ्या वडिलांनी "मुलीला गाणं येतं" असं ठोकून दिलं होतं. येत होती भूप रागातली एक चीज, तीही बघायला येणाऱ्यांपुरती. पंचावन्न सालच्या सुमारास चावडीवर रेडिओ आला आणि साठी ओलांडलेल्या मामंजींनी शेती मुलाच्या हाती देऊन पेटी आणली आणि मला शिकवायला बसवलं. "त्या खोक्यातनं माजा आवाज आला पायजे, आन् गावानं गप बसून ऐकला पायजे."

माझं ज्ञान चार दिवसांत संपलं. पाचव्या दिवसापासून मी तेच सावकाश शिकवू लागले. मग आणखी सावकाश. "फुडलं?" असं त्यांनी विचारलं की मी तोंड वर करून म्हणे, "आधी हे पक्कं होऊ द्या." दोन वर्षं भूप चालला. बैलसुद्धा कंटाळले असतील, मामंजी नाही.

मामंजींनी पुण्याच्या रेडिओ केंद्राला अर्ज केला आणि तिथून आवाजाच्या चाचणीचं बोलावणं आलं. मी मागे तंबोरा घेऊन बसले. मामंजी खरंच बरं गायले. परीक्षक म्हणाले, "छान. आता दुसरा एखादा राग घ्या."

मामंजींनी वळून माझ्याकडे पाहिलं. मी तारांकडे पाहिलं.

येताना एस.टी.त मी कबूल केलं, "मामंजी, मला तेवढंच येतं."

त्यांनी तिकिटांची घडी करून टोपीत खोचली. मग कानाला हात लावून म्हणाले, "सूनबाई, मंग शिका की फुडलं. मी थांबतो."

चिंचवडच्या एका मास्तरांकडे ते स्वतः मला बैलगाडीनं नेत आणि बाहेर झाडाखाली बसून राहत. मला दुर्गा राग बसायला पावसाळा सरला. त्याच आठवड्यात मामंजींना झटका आला. उजवी बाजू गेली, वाचाही गेली.

पेटी खाटेजवळ ओढून मी दुर्गा म्हटला. भूपाखेरीज मला तेवढंच येत होतं. त्यांचे ओठ हलले, सूर आला नाही. डावा हात गोधडीतून निघाला, कानाकडे. खांद्यापर्यंत आला आणि तिथंच राहिला.