दसऱ्याच्या मुहूर्ताची धार

माझं अक्षर किरटं आहे आणि ऱ्हस्व-दीर्घ मला कधीच जमलं नाही, त्याची आधीच माफी मागते. चौथीनंतर शाळा सुटली ती सुटलीच. हे कुणाला दाखवायचं नाही, तरी माफी मागितल्याशिवाय मला काही सुरूच करता येत नाही. माणसांशी बोलतानाही माझं तसंच होतं.

आम्ही मरोळला राहतो. लेक दुसरीत असताना मला एका मॉलमधल्या स्केटिंगच्या बर्फावर काम लागलं; त्याला सगळे रिंग म्हणायचे. लग्नाच्या छोट्या हॉलएवढा बर्फ आणि भोवती कठडा, एवढीच ती रिंग. लोक चपला माझ्याकडे ठेवायचे, मी त्यांना स्केट्स द्यायची आणि परत आले की पुसून मांडणीत ठेवायची. "नंबर किती?" एवढंच बोलावं लागायचं. मला ते काम फार आवडलं.

शाळा सुटली की लेक माझ्याजवळ येऊन बसायची. दुपारी रिंग रिकामी असायची. मॅनेजर साहेब एकदा म्हणाले, "मावशी, पोरगी इथे बसून पेंगते. सोडा तिला बर्फावर. बिल नाही करत मी."

पहिल्या दिवशी ती कठडा धरून रडली. मुंबईत आमच्याकडे स्वेटर कुठला? माझ्या भावाचा जुना स्वेटर बाह्या दुमडून तिला घातला होता. पण महिन्याभरात तिने कठडा सोडला आणि मग उलटी, पाठीमागे जायला लागली. तिथे शिकवणाऱ्या मॅडम लहान वयाच्या होत्या, स्वतः स्पर्धा खेळलेल्या. त्या काउंटरवर येऊन म्हणाल्या, "ताई, ही पडायला घाबरत नाही. मला शिकवू द्या हिला. फीचं नंतर बघू."

मी मान हलवली. हो म्हणायलाही तोंड उघडलं नाही.

मग मॉल उघडण्याआधी, सकाळी सरावाला जाणं सुरू झालं. छोट्या स्पर्धांत ती कधी तिसरी यायची, कधी शेवटची. भाड्याच्या बुटांत उड्या नीट मारता येईनात, तेव्हा मॅडमनी आपले जुने पांढरे स्केट्स तिला दिले. ती ते उशाशी घेऊन झोपायची. राज्याच्या ज्युनिअर संघाच्या निवडीत तिचं नाव घातलं तेव्हा ती सातवीत होती.

निवडीला महिना राहिला असताना मॅडम म्हणाल्या, स्केट्सच्या पात्यांना धार लावायला हवी. ते काम करणारा माणूस परगावी असायचा. दसऱ्याच्या सुट्टीनंतर पाठवू, असं ठरलं. लेकीने हे जेवताना सांगितलं. आमचे हे मरोळच्याच एका कारखान्यात ग्राइंडरवर आहेत. मुलीच्या खेळातलं त्यांना काही कळत नसे. रिंगवर ते एकदाच आले होते आणि थंडी वाजते म्हणून बाहेर जाऊन बसले होते. पण त्या रात्री ते ताटावरून मान वर करून हसले.

दुसऱ्या दिवशी खंडेनवमी होती. कारखान्यात मशिनींची पूजा होते, आणि पूजेला लावलेल्या मशिनीला त्या दिवशी कुणी हात लावत नाही. दसऱ्याला ती सुरू करायची तर पहिलं काम शुभ हवं. ह्यांनी लेकीचे स्केट्स पिशवीतून नेले, हळद-कुंकू, झेंडू वाहून पूजेत मांडले, आणि दसऱ्याला मुहूर्ताचं पहिलं काम म्हणून त्यांची पाती घासली. संध्याकाळी घरी येऊन स्केट्सभोवती गुंडाळलेला रुमाल सोडला.

"बघ गं, दाढी होईल!"

पाती खरंच चकाकत होती. लेकीने बोट लावलं आणि पटकन मागे घेतलं. "पप्पा, भारी!" असं म्हणाली. आपट्याची पानं देऊन वाकून त्यांच्या पाया पडली.

सकाळी ती बर्फावर उतरली आणि पहिल्याच वळणावर पाय सुटून आडवी झाली. उठली, परत पडली. मॅडमनी तिला बाहेर बोलावलं, स्केट उलटा केला, आणि पात्यावरून नख फिरवून पाहिलं.

मग त्यांनी मला भाड्याचा एक बूट उलटा करून दाखवला. पात्याच्या मधोमध लांबच्या लांब एक पन्हळ असते. तिच्या दोन्ही बाजूंना दोन काठ. त्या काठांवर तोल धरून मुलं वळतात. ह्यांनी दोन्ही बाजूंनी घासून विळीच्या पात्यासारखी एकच धार काढली होती. पन्हळ गेली होती.

"परत करता येईल ना?" लेकीने विचारलं.

"नाही गं राजा. लोखंडच उरलं नाही."

घरी ह्यांना सांगायचं माझ्यावर आलं. मी भाकरी थापत होते, तव्याकडेच बघत सांगितलं. ते घाबरले की मालवणीत बोलतात.

"माका वाटला, जितकी बारीक तितकी बरी," म्हणाले आणि पोरीकडे वळले. "माझ्यामुळे तुझी वाट लागली ना गो?"

"वाट बिट काही नाही लागली," ती म्हणाली. "पण आता भाजी कापायला घे ते."

हे हसले, मग उठून बाहेर जाऊन उभे राहिले. जेवले नाहीत.

मॅडमकडे मुलुंडची एक मुलगी शिकत होती. तिची दहावी आली म्हणून तिने खेळ सोडला होता. तिचे परदेशातून आणलेले स्केट्स कपाटात पडून होते. तिची आई बँकेत नोकरीला. मॅडमनी फोन केला, तर बाई म्हणाल्या, अठरा हजारांना देईन, पण आत्ता घेऊन जा, पैसे सावकाश द्या. ते स्केट्स लेकीला अर्धा नंबर मोठे होते. मॅडमनी आत जाड सोल घालून दिले.

निवडीत ती चौथी आली. तिघींना घेतलं. परतीच्या बसमध्ये ती खिडकीला डोकं टेकून बसली होती. मला वाटलं रडते आहे, पण ती मनात उड्या मोजत होती.

"दुसरी उडी मी लवकर घेतली, आई. बूट चांगले आहेत."

मग दर महिन्याला मी मुलुंडला जायची. बाई म्हणायच्या, मोबाईलवर टाका ना. मला चुकून दुसऱ्यालाच जातील अशी धास्ती. ह्यांनी ओव्हरटाइम धरला होता, त्यातले आणि माझे मिळून जे उरत ते मी पाकिटात घालून न्यायची. वॉचमनला कुठल्या घरी ते सांगतानाच मला घाम फुटायचा. दारात पाकीट द्यायचं आणि लिफ्टची वाट न बघता जिन्याने उतरायचं. गणपतीच्या महिन्यात काहीच नेता आलं नाही, तेव्हा खाडा झाला हे सांगायला म्हणून गेले आणि न सांगताच चहा पिऊन आले.

पुढच्या वर्षी तिसऱ्या नंबरावर लेकीची संघात निवड झाली. संघाबरोबर स्पर्धेला जायच्या आधी शेवटचे पैसे द्यायचे होते. लेक म्हणाली, मी पण येते.

बाईंची मुलगी पुस्तक घेऊनच बाहेर आली. "माझे बूट कसे आहेत गं?"

"डावा चावतो."

"मलाही चावायचा! नाडी वरून दुसऱ्या भोकात सैल सोड, मग बघ."

दोघी तिथेच फरशीवर बसून पाय दाखवायला लागल्या. बाईंनी पाकीट उघडलं, त्यातल्या दोन नोटा काढून माझ्या पुढे धरल्या. "हजार राहू देत. पोरीला प्रवासात खाऊला."

त्यांच्या मनात चांगलंच होतं. पण ते बूट आजपासून आमचे व्हायचे होते. मी नोटा त्यांच्या हातात परत ठेवल्या.

"नको," मी म्हणाले. माझाच आवाज मला मोठा वाटला. "सगळे घ्या."

बाईंनी माझ्याकडे पाहिलं, नोटा पाकिटात घातल्या, आणि म्हणाल्या, "बरं. फिटले सगळे."