देवाआधीचा घास

शेजारच्या लुह सारिआसीनं पर्यटकांना बालीचा स्वयंपाक शिकवायला सुरुवात केली, तेव्हाच तिच्या सासूनं बजावलं होतं, "देवाच्या आधी कुणी भात उष्टावला, तर वर्ग बंद!" म्हातारी दारात पहाऱ्याला, मी कुंपणाशी. फुकटचा तमाशा कोण सोडतं?

काल भात शिजला. लुह नैवेद्यासाठी केळीची पानं कापत होती, तेवढ्यात एका डच बाईनं चमचाभर भात तोंडाकडे नेला. लुहनं फाडकन तिच्या हातावर चापट मारली. भात सांडला. बाई लालबुंद. मी कुंपणावरून मान आणखी लांब केली!

"पाहुणीला मारलंस?" सासू आत आली.

लुह म्हणाली, "आई, घास तोंडात जात होता..."

"मग जोरात मारायचं ना, बये!" सासूनं पानं त्या बाईच्याच हातात दिली. "चल गं, आधी चुलीच्या देवाला वाढ. मग खा पोटभर."