रडकं तोंड

“काहून बाई, कोणी मेलं काय घरात?”

घर तपासायला आलेल्या साहेबाने दारातच विचारलं. मी पांढरं लुगडं नेसले होते. आम्ही बौद्ध. सणाला, लग्नाला आमच्या बाया पांढरंच नेसतात. नागपुरात वाढलेल्या माणसाला हे ठाऊक असतं. त्यालाही होतं. म्हणून तर हसला.

हुडकेश्वरला माझं टिनाचं घर आहे. रामदासपेठेतल्या दवाखान्यात एकतीस वर्षं फरशी पुसून ही जागा घेतली. मुलगा गेला. सून मिहानमध्ये एका कंपनीच्या कॅन्टीनमध्ये पोळ्या लाटते. उन्हाळ्यात टिन तापतं आणि आम्ही दोघी आत भाजून निघतो. म्हणून पक्क्या घरासाठी सरकारी योजनेतलं कर्ज मागितलं. बँकेत तीन महिने चकरा मारल्या. सुनेची पगारचिठ्ठी, पासबुकं, जागेचे कागद, सगळं दिलं. मग म्हणाले, घर पाहायला माणूस येईल.

माणूस येणार म्हणून मी भिंतींना चुना मारला. शेजारून दोन खुर्च्या आणल्या. चूक तिथेच झाली. येणाऱ्याला घर नीटनेटकं दाखवायचं, एवढंच आम्हाला माहीत.

“असं नाही चालत. सबसिडीची फाइल आहे, गरिबी दिसली पाहिजे,” तो म्हणाला. “खुर्च्या हटव. फ्रिजवर गोधडी टाक. अन् काही फाटकं नेस.”

वयाने माझ्या नातवासारखा. मला एकेरीत बोलत होता.

मी आत गेले. खोटं कशाला सांगू, गेले. पोतेऱ्यासाठी काढलेलं लुगडं नेसून आले. त्याने हातात पाटी दिली. तिच्यावर खडूने माझं नाव आणि नंबर. ती छातीशी धरून घरासमोर उभं राहायचं. ठाण्यात चोराचा फोटो काढतात तसं.

“जरा रडकं तोंड कर न. तुमच्या लोकायले तं हात पसरायची आदतच हाये. लाजून काहून राहिली?”

मी पाटी खाली ठेवली.

सून दारातून म्हणाली, “आई, काढू द्या न. एक फोटोच तं आहे.”

“नाही वं.” मग त्याच्याकडे वळले. “बँकेत म्हणता ऐपत दाखव. इथं म्हणता लाचारी दाखव. मी कर्ज मागून राहिली साहेब, भीक नाही.”

“मंग फाइल गेली समज.”

गाडीला किक मारून तो निघून गेला. सून चार दिवस माझ्याशी बोलली नाही. तिचंही चुकलं नाही. कॅन्टीनच्या भट्टीसमोरून येऊन तिला याच टिनाखाली झोपायचं असतं.

मी चौथी शिकलेली. दोन दिवस बसून तक्रारीचा अर्ज लिहिला. तो जे बोलला ते शब्दाला शब्द लिहिलं. ‘तुमच्या लोकायले’ हेही. बँकेत पोच देईनात. मी काउंटरसमोर बसून राहिले. दुपारी शिक्का मारून दिला.

परवा बँकेतून बोलावणं आलं. या वेळी मोठ्या साहेबाने खुर्ची दिली. चहा मागवला.

“आजी, तुम्ही अर्ज वापस घ्या. फाइल याच हप्त्यात करून देतो.”

घर मला पाहिजे. मरायच्या आधी पाहिजे, सुनेला तर आजच पाहिजे. मी चहा ठेवून उठले.

अर्ज मागे घेणार नाही.