पोटावरचे डाग आणि विम्याचे साहेब

चांद्याच्या दवाखान्यात डॉक्टरांनी एक्स-रेची फिल्म खिडकीकडे धरली आणि उजव्या फुप्फुसावरच्या पांढुरक्या ढगावर बोट ठेवलं. "टीबी," ते म्हणाले. मी नुसतीच बघत राहिले, तेव्हा म्हणाले, "क्षय."

माझे यजमान बाकावर बसले होते. त्यांनी मान खाली घातली. मी मात्र डॉक्टरांना सरळ विचारलं, "वाचतीन का?"

"हा आता मरायचा आजार राहिला नाही, बाई. स्ट्रेप्टोमायसिन नावाची सुई निघाली आहे, ती क्षयाचे जंतू मारते. पण एकदा सुरू केली की मध्येच थांबवायची नाही. थांबवली तर पुन्हा लागू पडेलच असं नाही."

हे वाक्य मी पदराला गाठ मारून ठेवलं. तुमच्या घरात हा आजार आला तर तुम्हीही ठेवा.

आमचं गाव मूलच्या पलीकडे, जंगलाच्या कडेला. हे तिथे शाळामास्तर. संध्याकाळी अंग तापायचं, खोकला सुटायचा. आमच्या भागात ताप म्हटलं की हिवताप, म्हणून आम्ही कोयनेल देत राहिलो आणि दिवस गमावले. पोरांना कविता शिकवता शिकवता एकदा रुमालावर रक्त आलं, तेव्हा कुठे चांद्याची मोटार धरली. ह्यांना क्षयाच्या वॉर्डात ठेवून घेतलं आणि मी लेकीला घेऊन जटपुरा दरवाज्याजवळ नणंदेकडे राहिले.

सुया नागपूरहून आणाव्या लागायच्या आणि त्या महाग होत्या. आधी माझ्या पाटल्या गेल्या. पण मला धीर होता, कारण आमचा विमा होता. वासुदेवभाऊ नावाचे एजंट गावात येऊन, आमच्याच ओसरीवर चहा पिऊन सांगून गेले होते, "मास्तर, तुमी बिमार पडले तं घर कंपनी चालवते." हप्ता आम्ही कधी चुकवला नव्हता.

तर कंपनीने घर कसं चालवलं ते ऐका. आधी कळवलं, दवाखान्याचा दाखला पाठवा. पाठवला. मग म्हणे, शाळेचा पाठवा. तोही पाठवला. मग बरेच दिवस कोणी हूं की चूं करेना. शेवटी कंपनीचा डॉक्टर नागपूरहून आला. त्याने ह्यांना सदरा काढायला लावला, छाती सोडून पोटच न्याहाळलं, काहीतरी खरडलं आणि चहाही न घेता गेला.

मागोमाग नकार आला. पोटावर डागल्याच्या जुन्या खुणा आहेत. विमेदाराला पूर्वीपासून मोठा आजार होता, तो त्याने लपवला. सबब रक्कम मिळणार नाही.

आधी मला हसूच आलं, मग तळपायाची आग मस्तकात गेली. आमच्याकडे तान्ह्या लेकराचं पोट जरा फुगलं की विळ्याचं टोक तापवून बेंबीभोवती डाग देत. पुष्कळदा तर काही झालं नसतानाही देत, पुढे काही होऊ नये म्हणून. ते चांगलं असं मी म्हणत नाही. माझ्या लेकीला मी हात लावू दिला नाही, सासूबाईंशी त्यावरून कडाक्याचं भांडण झालं. पण आजार लपवला म्हणे! विमा उतरवताना ह्यांना तपासलं ते इथल्याच डॉक्टरांनी. त्यांनी ते डाग लिहिले नाहीत. माणसाला दोन कान आहेत हे तरी कोण लिहितं?

ह्यांना मी सांगितलं नाही. ते खाटेवरून रोज विचारायचे, "कंपनीचं काही आलं का?" मी म्हणायची, "येऊन राह्यलं." आणलेल्या सुया संपत आल्या होत्या. रात्ररात्र डोळ्याला डोळा लागत नव्हता. लेकीचा बाप माझ्या हातून चालला, असं वाटायचं.

कंपनीचे साहेब हप्ते गोळा करायला चांद्याच्या कचेरीत यायचे. ते आल्याचं कळलं त्या दिवशी मी वासुदेवभाऊंना घरून उठवून सोबत नेलं. ते वाटभर कुरकुरत होते, "मास्तरीणबाई, मले काऊन या भानगडीत ओढता?" मी म्हटलं, "आमच्या ओसरीवर चहा कोन पेला?"

कचेरी गच्च भरलेली. व्यापारी, मालगुजाराचे दिवाणजी, लाकडाचे ठेकेदार, सगळे हप्ता भरायला आलेले. साहेबांनी माझं अर्धवट ऐकलं आणि म्हणाले, "बाई, रोग नव्हता तर डागलं कशाला?"

मी वळले. "वासुदेवभाऊ, सदरा वर करा."

"मी?"

"तुमीच."

बिचारे लाजले, पण केला वर. बेंबीच्या दोन्ही बाजूंना गोल गोल डाग. "साहेब," ते चाचरत म्हणाले, "माह्या बी पोटावर हायेत. मी तुमच्याच कंपनीचा विमेदार हावो."

दाराशी उभ्या चपराशाने न सांगता आपला सदरा उचलला. मग एक ठेकेदार उठला. आणि ज्यांची ढेरी टेबलाच्या आधी खोलीत शिरायची, ते धान्याचे व्यापारी शेठ उठले, धोतर जरा खाली सरकवून म्हणाले, "हे पाहा. लहानपणापासून मले सर्दीबी नाई झाली."

बघता बघता खोलीभर उघडी पोटं. मी पदर तोंडाला लावला, पण हसू आवरेना.

"मंग या सगळ्यायचे विमे रद्द करा," मी म्हटलं.

साहेब काही बोलणार, तोच शेठनी टेबलावर ठेवलेला आपला हप्ता उचलून परत कनवटीला लावला. "मी मेल्यावर पोट पाहूनच नाई म्हनान ना? मंग आमचा हप्ता कायले घेऊन राह्यले?" त्यांच्यामागे एकेक हात टेबलावरून मागे आला. मास्तरांचं होईस्तोवर कोणी भरायचं नाही, असं तिथल्या तिथे ठरलं.

साहेबांना घाम फुटला. नागपूरला तार गेली. आणलेल्या सुया संपायच्या आत पैसे हातात पडले, आणि एकही सुई चुकली नाही.

बऱ्याच महिन्यांनी डॉक्टरांनी पुन्हा फिल्म खिडकीकडे धरली. ढग विरला होता. "मास्तर, शाळेत जा," ते म्हणाले. तेव्हा मी ह्यांना सगळी हकिगत सांगितली, आणि हे खोकला न येता पोट धरधरून हसले.

तुमच्यावर अशी वेळ आली तर औषध मध्ये सोडू नका, आणि कंपनीने नाही म्हटलं म्हणून घरी बसू नका. चार माणसं सोबत न्या. देवाचे उपकार मी मानतेच. पण संध्याकाळी दिवा लावून हात जोडले की डोळ्यांपुढे आधी ती उघडी पोटंच येतात, आणि नमस्कार मी त्यांनाच करते.